पीक फ्लो मीटर: दमा असूनही व्यायाम करणाऱ्यांनी विकत घ्यावी अशी नळी

पावले मोजणारे घड्याळ आणि बोटाला लावायचा ऑक्सिमीटर ही दोन उपकरणे करोनाच्या काळापासून शहरातल्या असंख्य घरांत पोहोचली आहेत. फुंकरीचा वेग मोजणारा आणि औषधाच्या दुकानात काहीशे रुपयांत मिळणारा पीक फ्लो मीटर मात्र ज्यांना वर्षानुवर्षे दमा आहे त्यांच्या घरीही क्वचितच दिसतो. मी तो बराच काळ वापरते आहे, मुख्यतः चालणे, टेकडी चढणे आणि अधूनमधून सायकल चालवणे यांच्या आधी आणि नंतर. माझे मत सुरुवातीलाच सांगते. दमा ताब्यात ठेवून नियमित व्यायाम करू पाहणाऱ्या प्रौढ व्यक्तीने पहिला खर्च करायचा असेल तर तो या नळीवर करावा, घड्याळाचा विचार नंतर करावा. या नळीला मर्यादा आहेत, त्यांतल्या काही गंभीर आहेत, आणि सर्वांत मोठी मर्यादा हृदयाशी संबंधित आहे. तरीही त्या मर्यादेतूनच तिचा एक अनपेक्षित उपयोग निघतो, आणि हा लेख लिहिण्याचे खरे कारण तेच आहे.

उपकरण अगदी साधे आहे. प्लॅस्टिकची वीतभर नळी, आत स्प्रिंगला जोडलेली दट्ट्यासारखी चकती, बाहेर मापपट्टी आणि तिच्यावर सरकणारा काटा एवढाच त्याचा संसार. बॅटरी नाही, चार्जर नाही, मोबाइलवर कुठले खाते उघडावे लागत नाही. छातीत पूर्ण हवा भरून घेऊन जोरात फुंकर मारली की हवा जास्तीत जास्त किती वेगाने बाहेर पडली ते काटा दाखवतो. हा वेग लिटर प्रति मिनिट या एककात मोजतात, आणि प्रौढांच्या मीटरवर साधारण ६० ते ८०० पर्यंतचे आकडे असतात. श्वासनलिका आकुंचन पावल्या की हा वेग घटतो, आणि पुष्कळदा ही घट माणसाला स्वतःला धाप जाणवण्याच्या आधीच आकड्यात दिसते. ब्रिटिश संशोधक बेसिल मार्टिन राइट यांनी १९५९ साली या मोजणीचे पहिले उपकरण पुढे आणले. ते बरेच मोठे होते. खिशात मावणारी स्वस्त आवृत्ती १९७०च्या दशकात आली आणि मूळ कल्पना आजही जवळपास तीच आहे.

फुंकर मारण्याची पद्धत मात्र शिकून घ्यावी लागते, आणि ती नीट न शिकल्यामुळेच अनेकांचे मीटर कपाटात पडून राहतात. उभे राहावे किंवा ताठ बसावे, काटा शून्यावर आणावा, श्वास पूर्ण भरून घ्यावा, ओठ नळीच्या तोंडाभोवती घट्ट मिटावेत आणि एकाच झटक्यात फुंकावे. फुंकर लांबवण्याची गरज नसते, कारण मोजला जातो तो अगदी सुरुवातीचा वेग. जीभ नळीच्या तोंडाशी आली, बोट पट्टीच्या खाचेवर पडले किंवा मध्येच खोकला आला तर तो आकडा सोडून द्यावा. लागोपाठ तीनदा फुंकून त्यांतला सर्वांत मोठा आकडा वहीत लिहायचा असतो. सरासरी काढायची नसते. दमा आटोक्यात असताना दोन-तीन आठवडे सकाळ-संध्याकाळ अशा नोंदी ठेवल्या की आपला सर्वोत्तम आकडा हाती येतो, आणि पुढचे सगळे गणित त्यावर चालते. सर्वोत्तमाच्या ८० टक्क्यांच्या वर हिरवा पट्टा, ५० ते ८० दरम्यान पिवळा आणि ५०च्या खाली लाल, अशी विभागणी जगभर वापरली जाते. बहुतेक मीटरवर त्यासाठी सरकवायच्या तीन रंगीत खुणाही दिलेल्या असतात.

व्यायामाच्या संदर्भात या आकड्याला विशेष महत्त्व येते ते व्यायामाने होणाऱ्या दम्याच्या विचित्र वेळापत्रकामुळे. जोराने चालताना किंवा धावताना आपण तोंडाने भराभर श्वास घेतो, त्यामुळे नाकात गरम आणि दमट होण्याची संधी न मिळालेली हवा थेट खाली जाते. श्वासनलिकांच्या अस्तरावरचा ओलावा उडून जातो, तिथल्या पातळ द्रवातले क्षार दाट होतात, त्यामुळे मास्ट पेशींसारख्या दाहपेशी हिस्टामिन आणि ल्युकोट्राइन ही रसायने सोडतात आणि नलिकांभोवतीचे स्नायू आवळतात. हा परिणाम पुष्कळदा व्यायाम चालू असताना फारसा जाणवत नाही. थांबल्यानंतर पाच-दहा मिनिटांत तो वाढतो आणि अर्ध्या ते एक तासात आपोआप ओसरतो. म्हणून मी आकडा तीन वेळा घेते: निघण्याआधी, थांबल्यानंतर दहा मिनिटांनी आणि अर्ध्या तासाने. निघताना ४२० आणि नंतर ३४० आले तर ती सुमारे १९ टक्क्यांची घट आहे, आणि एवढी घट वारंवार दिसत असेल तर ते डॉक्टरांना दाखवण्यासारखे आहे. फुप्फुसतज्ज्ञांच्या प्रयोगशाळेत यासाठी पहिल्या सेकंदात बाहेर पडणारी हवा मोजतात आणि तिथे १० टक्क्यांपासूनची घट लक्षणीय धरतात. घरगुती मीटर तितका काटेकोर नसल्यामुळे १५ टक्क्यांच्या आसपासचा उंबरठा ठेवणे शहाणपणाचे. अर्थात घरच्या वहीवरून निदान करायचे नसते. ती वही घेऊन तज्ज्ञाकडे जायचे असते, आणि वही पाहिलेला डॉक्टर ‘चालताना दम लागतो’ या मोघम तक्रारीपेक्षा कितीतरी नेमके प्रश्न विचारतो.

मीटरने मला शिकवलेली सर्वांत उपयोगी गोष्ट म्हणजे शरीर तापवण्याची किंमत. एकदम टेकडीचा चढ घेतला आणि आधी दहा-पंधरा मिनिटे संथ चालून, मध्येमध्ये थोडा वेग वाढवून मग तोच चढ घेतला, तर नंतरच्या आकड्यांत स्पष्ट फरक पडतो. यामागे वैद्यकशास्त्राला माहीत असलेले कारण आहे. एकदा असे आकुंचन येऊन गेले की अनेक रुग्णांत पुढचे एक ते तीन तास ते पुन्हा तितक्या जोराने येत नाही, आणि टप्प्याटप्प्याने केलेल्या तयारीने हीच सवलत सौम्य मार्गाने मिळू शकते. ज्यांना डॉक्टरांनी व्यायामाआधी पंप सांगितला आहे, त्यांनी तो साधारण पंधरा मिनिटे आधी घ्यायचा असतो, धाप लागल्यावर धावत घरी येऊन नव्हे. इथे एक गोष्ट ठासून सांगावीशी वाटते. श्वासनलिका तात्पुरत्या मोकळ्या करणाऱ्या फक्त निळ्या सालब्युटामॉल पंपावर दमा सांभाळण्याची पद्धत आता मागे पडली आहे. ‘जीना’ या दम्याविषयीच्या जागतिक मार्गदर्शक संस्थेने २०१९ पासून, दाह कमी करणाऱ्या स्टिरॉइडशिवाय केवळ असा पंप वापरू नये, असे प्रौढ आणि किशोरवयीन रुग्णांसाठी सांगितले आहे. ‘पंपाची सवय लागते’ ही आपल्याकडची भीती इतकी खोलवर आहे की रोजचा, दाह आवरणारा पंप लोक बंद करतात आणि तात्पुरता आराम देणारा पंप मात्र खिशात ठेवून पुन्हा पुन्हा ओढतात. म्हणजे ज्याची भीती बाळगायला हवी तोच जवळ राहतो.

वेळ आणि जागा यांविषयीही या नळीने माझे काही समज मोडले. सकाळची हवा शुद्ध असते असे आपण लहानपणापासून ऐकतो, पण पुण्या-मुंबईत डिसेंबर-जानेवारीत ते खरे ठरतेच असे नाही. थंडीत जमिनीलगतची हवा गार राहते आणि वरची उबदार हवा तिच्यावर झाकणासारखी बसते, त्यामुळे रात्रभराचा धूर आणि धूळ खालीच कोंडून राहते. सूर्य वर येऊन जमीन तापली की हा थर विरळ होतो. हिवाळ्यात पहाटेऐवजी जरा उशिरा निघाल्यावर माझे आकडे सुधारले. पुण्यातल्याच भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेची ‘सफर’ सेवा हवेच्या गुणवत्तेची माहिती आणि अंदाज देते, तो पाहून दिवस ठरवणे सोपे आहे. दिवाळीच्या फटाक्यांचे दिवस आणि शेजारी इमारतीचे पाडकाम चालू असेल तो काळ घरातल्या व्यायामाचा. टेकड्यांच्या पायथ्याशी माजलेल्या गाजर गवताचे परागकण ज्यांना बाधतात, त्यांनी पावसाळा संपताना वेताळ टेकडीपेक्षा मोकळे मैदान निवडलेले बरे. पोहणे दमट हवेमुळे अनेकांना मानवते, मात्र बंदिस्त तलावात क्लोरीनचा उग्र वास भरून राहिला असेल तर तेच उलटते. वेगवान कपालभातीबद्दल माझा अनुभव चांगला नाही. संथ श्वसन मात्र मनाला आणि लक्षणांना उतार देते, जरी मीटरवरचा आकडा त्याने फारसा हलत नाही.

आता तुलना. ऑक्सिमीटर दम्याच्या बाबतीत फसवा धीर देतो. श्वासनलिका बऱ्यापैकी आकुंचन पावल्या तरी शरीर जास्त श्वास घेऊन रक्तातला प्राणवायू सावरून धरते. त्यामुळे बोटावर ९७ दिसत असताना फुंकर सर्वोत्तमाच्या ६० टक्क्यांवर आलेली असू शकते. तो आकडा खाली येतो तेव्हा पुष्कळ उशीर झालेला असतो. मनगटी घड्याळ आणखी वेगळी गफलत करते. सालब्युटामॉलने नाडी वाढते, हात किंचित थरथरतात, हे पंप वापरणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक आहे. घड्याळाला ते ठाऊक नसते. पंप घेऊन संथ चालले तरी ते ‘तीव्र व्यायाम’ म्हणून शाबासकी देते. त्याचे नाडीचे पट्टे बहुधा २२० वजा वय या ढोबळ सूत्रावर बेतलेले असतात, म्हणजे पन्नाशीच्या माणसासाठी कमाल नाडी १७०. हे सूत्र निरोगी माणसातही दहा-बारा ठोक्यांनी सहज चुकते. म्हणून व्यायामाचा जोर ठरवण्यासाठी बोलण्याची जुनी कसोटी मला अधिक भरवशाची वाटते: चालताना पूर्ण वाक्य बोलता येते पण गाणे म्हणता येत नाही, तो मध्यम जोर. जागतिक आरोग्य संघटनेने २०२० मध्ये प्रौढांसाठी आठवड्याला अशा मध्यम जोराच्या १५० ते ३०० मिनिटांची शिफारस केली, आणि दमा ताब्यात असलेल्या बहुतेकांना ती गाठता येते. लंडनमध्ये २००३ साली महिलांच्या मॅरेथॉनचा २ तास १५ मिनिटे २५ सेकंदांचा विक्रम करणाऱ्या पॉला रॅडक्लिफ यांना व्यायामाने होणारा दमा होता, एवढे उदाहरण पुरे. घड्याळाची बाजू घ्यायची तर एका गोष्टीत घ्यावी लागेल: काही घड्याळे नाडीतला अनियमितपणा टिपतात, आणि दमा असलेल्यांना ती सूचना दुर्लक्षून चालत नाही.

याचे कारण असे की दमा आणि हृदय यांचा संबंध आपण समजतो त्यापेक्षा जवळचा आहे. नॉर्वेतील मोठ्या लोकसंख्येच्या पाहणीत २०१८ मध्ये असे दिसले की दमा असलेल्यांत एट्रियल फिब्रिलेशन, म्हणजे हृदयाच्या वरच्या कप्प्यांची अनियमित थरथर, अधिक आढळते आणि दमा जितका अनियंत्रित तितका धोका जास्त. अमेरिकेतील ‘मेसा’ या दीर्घकालीन अभ्यासातून २०२२ मध्ये कायम स्वरूपाचा दमा असलेल्यांच्या मानेतल्या रक्तवाहिन्यांत मेदाचे थर अधिक असल्याचे समोर आले. अशा निरीक्षणांवरून दम्यामुळेच हृदयविकार होतो असे म्हणता येत नाही. पण शरीरभर रेंगाळणारा दाह, वारंवार घ्याव्या लागणाऱ्या स्टिरॉइडच्या गोळ्यांनी वाढणारा रक्तदाब, साखर आणि वजन, आणि धापेच्या भीतीने सुटलेला व्यायाम, असे अनेक धागे यात गुंतलेले आहेत. यांतला शेवटचा धागा आपल्या हातात सर्वांत जास्त आहे. दम्यामुळे चालणे सोडणारा माणूस फुप्फुसे जपल्याच्या समाधानात हृदयाचे नुकसान करून घेतो.

आता सुरुवातीला उल्लेखलेल्या मर्यादेकडे येते. पीक फ्लो मीटर हृदयाबद्दल काहीही सांगत नाही. पण नेमके म्हणूनच, चढावर छाती आवळते आणि तरी फुंकर हिरव्या पट्ट्यात येते, तेव्हा तो चांगला आकडा हीच मोठी खबर असते. दम्याचे आवळणे बहुधा थांबल्यावर वाढते, घरघर किंवा खोकला घेऊन येते आणि पंपाने उतरते. हृदयाला रक्त कमी पडल्याने येणारे दडपण चालत असतानाच येते, थांबले की काही मिनिटांत ओसरते, जबड्याकडे किंवा डाव्या हाताकडे पसरू शकते आणि पंपाला दाद देत नाही. उलट पंपाने नाडी वाढवली तर ते बिघडूही शकते. हा फरक काटेकोर नाही. स्त्रियांत आणि मधुमेहींत हृदयाची लक्षणे पुष्कळदा केवळ धाप किंवा थकवा म्हणूनच येतात. आमच्या चालण्याच्या गटातले एक काका चढावर थांबून पंप ओढत असत, आणि दमा जुना असल्याने घरच्यांनाही त्यात काही वावगे वाटले नाही. त्यांना माझ्याच मीटरची नवी तोंडनळी लावून फुंकायला दिले, आकडा उत्तम आला, आणि एवढ्यावरून ते ईसीजी आणि टू-डी इको या हृदयाच्या तपासण्या करायला तयार झाले. पुढे त्यांची अँजिओप्लास्टी झाली. एका प्रसंगावरून नियम करू नये हे मान्य, पण चाळिशीनंतर नव्याने व्यायाम सुरू करणाऱ्या दमेकऱ्याने, विशेषतः रक्तदाब, मधुमेह, तंबाखू किंवा घरात हृदयविकाराचा इतिहास असेल तर, आधी हृदय तपासून घ्यावे आणि ‘माझा दमाच आहे’ या समजुतीवर विसंबू नये. रात्री आडवे पडल्यावर धाप लागून उठून बसावे लागणे आणि पायांवर सूज असणे ही जोडी तर हृदयाचे पंपिंग कमी पडत असल्याची खूण असू शकते. त्यातही छातीत घरघर ऐकू येते, म्हणून ती दम्याच्या नावावर खपून जाते.

औषधांचीही इथे गाठ पडते, आणि ती दोन वेगळ्या डॉक्टरांच्या चिठ्ठ्यांमध्ये दडलेली असते. रक्तदाब, नाडीची गती, अर्धशिशी किंवा हात थरथरणे यांसाठी दिल्या जाणाऱ्या बीटा-ब्लॉकर गटातली प्रोप्रॅनोलॉलसारखी औषधे श्वासनलिका आवळू शकतात. काचबिंदूसाठी डोळ्यांत घालायचे टिमोलॉलचे थेंबसुद्धा हेच करू शकतात, आणि डोळ्यांच्या थेंबांचा छातीशी संबंध कुणाच्या लक्षातही येत नाही. हृदयासाठी रोज घ्यायची अ‍ॅस्पिरिन काही दमेकऱ्यांत, विशेषतः नाकात पॉलिप म्हणजे मऊ मांसल वाढ असलेल्यांत, तीव्र झटका आणते. हृदयतज्ज्ञाला दमा आहे हे आणि छातीच्या डॉक्टरांना हृदयाच्या गोळ्या चालू आहेत हे स्वतः सांगावे. नवे औषध सुरू झाल्यावर आठवडाभर रोज फुंकर मारून आकडे लिहिणे हा या नळीचा आणखी एक चांगला उपयोग आहे. मात्र हृदयाची गोळी आकडा पाहून स्वतःच्या मनाने बंद करू नये, लगेच फोन करून विचारावे.

उपकरणाच्या उणिवा सांगायला हव्यात. मी घेतलेल्या मीटरसोबतचा माहितीकागद इंग्रजीत होता, अक्षर मुंगीएवढे होते आणि वय-उंचीनुसार अपेक्षित आकड्यांचा तक्ता युरोपीय लोकांवर बेतलेला होता. भारतीयांचे आकडे त्या तक्त्यापेक्षा सरासरीने कमी असतात, त्यामुळे तो पाहून निष्कारण घाबरायला होते. आपला सर्वोत्तम आकडाच प्रमाण मानावा. मापपट्टीवरचे आकडे चष्म्याशिवाय दिसत नाहीत, रंगीत खुणा पिशवीत घासून सरकतात आणि नळी ठेवायला साधी डबीसुद्धा दिलेली नव्हती. पावसाळ्यात ती कोमट साबणाच्या पाण्याने धुऊन पूर्ण वाळवली नाही तर आत बुरशी धरते आणि काटा अडकतो. स्प्रिंग कालांतराने ढिली पडते, म्हणून दोन-एक वर्षांनी नवी घ्यावी, आणि नवीवर सर्वोत्तम आकडा पुन्हा शोधावा, कारण दोन नळ्यांचे आकडे जुळतीलच असे नाही. याहून मूलभूत उणीव ही की सगळे फुंकणाऱ्याच्या जोरावर अवलंबून आहे. कंटाळून मारलेली फुंकर खोटा पिवळा पट्टा दाखवते, आणि अगदी बारीक श्वासनलिकांमधला बिघाड तर या मोजणीत नीट उमटतच नाही. आकडे जपून ठेवणारी डिजिटल मीटर मिळतात. ती कित्येक पट महाग आहेत आणि ज्यांना वही लिहायचा आळस आहे त्यांच्यासाठी ठीक आहेत, पण मला ती आवश्यक वाटली नाहीत.

विकत घेताना खोक्यावर आयएसओ २३७४७ हे मानक छापलेले पाहावे, कारण जुन्या मापपट्टीचे मीटर अजूनही कुठे कुठे मिळतात आणि त्यांचे आकडे वेगळे येतात. मुलांसाठी कमी मापाचा मीटर वेगळा असतो, आणि पाच वर्षांखालच्या मुलांना फुंकर जमत नाही. घरात दोघांना दमा असेल तर दोन मीटर घ्यावेत. नुकताच हृदयविकाराचा झटका आलेल्यांनी, डोळ्यांची, छातीची किंवा पोटाची शस्त्रक्रिया झालेल्यांनी आणि छातीत हवा भरून फुप्फुस मिटण्याचा प्रकार होऊन गेलेल्यांनी डॉक्टरांच्या परवानगीशिवाय अशी जोराची फुंकर मारू नये. पिवळ्या पट्ट्यात आकडा असेल त्या दिवशी टेकडी रद्द करून डॉक्टरांनी लिहून दिलेल्या योजनेप्रमाणे औषध घ्यावे. लाल पट्टा आला, वाक्य पूर्ण बोलता येईना, ओठ निळसर दिसू लागले किंवा पंपाने आराम पडेना, तर पुन्हा पुन्हा फुंकत बसू नये, पंप चालू ठेवून १०८ला फोन करावा.